जपमाळेच्या महिन्यात कॅमेरा घेऊन

रिद्धपूरचे महानुभाव, मोझरीचं तुकडोजी महाराजांचं गुरुकुंज यांवर मी बरीच वर्षं लिहीत आलो. याच अमरावती जिल्ह्यात कॅथलिक कुटुंबंही आहेत. नागपूर धर्मप्रांत, म्हणजे एका बिशपच्या देखरेखीखालचा चर्चचा विभाग, १८८७ चा, अमरावतीचा १९५५ चा. तरी आमच्या धार्मिक लेखनात त्यांचा उल्लेख आला तर मिशनच्या शाळेपुरता आणि दवाखान्यापुरता. ही माणसं देवाशी काय बोलतात, हे कुणी विचारत नाही. याची मला मनापासून खंत होती, म्हणून माहितीपट करायला घेतला. लेख न लिहिता माहितीपटच का, तर त्यांची प्रार्थना कानानं ऐकण्याची गोष्ट आहे.

आधी गावातल्या फादरांना भेटलो. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि अटी सांगितल्या. पापनिवेदनाच्या, म्हणजे माणूस धर्मगुरूपुढे आपली पापं कबूल करतो त्या, जागेकडे कॅमेरा वळवायचा नाही. तिथं ऐकलेलं धर्मगुरूनं जीव गेला तरी कुणाला सांगायचं नसतं. ख्रिस्तप्रसाद, म्हणजे उपासनेत मिळणारी पवित्र भाकर, घेणाऱ्याचा चेहरा जवळून टिपायचा नाही. आणि घरात शिरण्याआधी त्या घराला विचारायचं, फादरांची परवानगी तिथं चालणार नाही. मला या अटी जाचक वाटल्या नाहीत. उलट काय पाहायचं ते त्यांनीच दाखवून दिलं.

ऑक्टोबर हा कॅथलिकांचा जपमाळेचा महिना आणि आमच्याकडे सोयाबीनच्या सोंगणीचा. दिवसभर वावरात राबून बाया संध्याकाळी एकेका घरी जमतात. एकीनं ‘नमो मरिया’ ही मरियामातेची प्रार्थना म्हणायची, पुढचा अर्धा भाग बाकीच्यांनी उचलायचा. दहा-दहा मण्यांचे पाच टप्पे, प्रत्येक टप्प्याआधी ‘हे आमच्या स्वर्गातील बापा’. मी कॅमेरा फक्त हातांवर ठेवला. सोयाबीनच्या शेंगांनी बोटं ओरबाडलेली, एकीच्या अंगठ्याला चिंधी बांधलेली, त्यामुळे मणी सरकवताना ती दरवेळी तर्जनी वापरत होती. बाहेर कुठंतरी मळणीयंत्र चालू होतं. ध्वनिमुद्रण करणारा पोरगा वैतागला. मी म्हटलं, राहू दे, हा आवाज याच प्रार्थनेचा आहे.

त्या घरच्या आजीनं लहानपणी लॅटिनमधली मिस्सा, म्हणजे चर्चमधली मुख्य उपासना, ऐकली होती. जगभरच्या कॅथलिक बिशपांच्या दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर, म्हणजे १९६५ च्या सुमारास, ती लोकांच्या भाषेत येऊ लागली. मी विचारलं, तेव्हा काही कळायचं का? आजी म्हणाली, “शब्द नाही कळे बाबू, पण गुडघे टेकले का देवाले समजे.”

संकलनाला सगळ्यात जास्त वेळ गेला. लिहिणाऱ्या माणसाला प्रत्येक दृश्यावर बोलावंसं वाटतं. मी भलंमोठं निवेदन लिहून ठेवलं होतं. आजीच्या त्या वाक्यापुढे ते ऐकलं आणि बहुतेक काढून टाकलं. तारखा तेवढ्या ठेवल्या, कारण हा समाज काल आलेला नाही, हे बघणाऱ्याला कळायलाच हवं.

आता शुभ शुक्रवारची (गुड फ्रायडेची) क्रुसाची वाट, म्हणजे येशूचा क्रुसापर्यंतचा प्रवास आठवत, जागोजागी थांबून केलेली प्रार्थना, चित्रित करायची आहे. चौदा स्थानं, तीही उन्हाळ्याच्या तोंडावर. फादरांनी सांगून ठेवलंय, कॅमेरावाल्यानंही पायीच चालायचं.