नेपल्सहून एका दिवसात व्हेसुव्हियस आणि पॉम्पेई : माझा अनुभव

व्हेसुव्हियस हा ज्वालामुखी सकाळी आणि त्यानं इ.स. 79 मध्ये गाडलेलं पॉम्पेई हे रोमन शहर दुपारी, हा क्रम मी बदलत नाही. बहुतेक लोक उलटं करतात. सकाळी नऊला पॉम्पेईच्या दारात उभे राहतात, अवशेषांत रमतात, दोन वाजता घड्याळाकडे लक्ष जातं आणि मग डोंगराची बस गाठायची धावपळ सुरू होते. त्यात डोंगर हातचा जातो, कारण त्याचं दार लवकर बंद होतं. विवराच्या वाटेवर नोव्हेंबर ते फेब्रुवारी दुपारी 3 पर्यंतच सोडतात. मार्च आणि ऑक्टोबरमध्ये 4 पर्यंत, एप्रिल ते जून आणि सप्टेंबरात 5 पर्यंत, फक्त जुलै-ऑगस्टमध्ये 6 पर्यंत. पॉम्पेई मात्र एप्रिल ते ऑक्टोबर संध्याकाळी 7 पर्यंत उघडं असतं, शेवटचा प्रवेश साडेपाचला. शिवाय दिवस तापला की शिखरावर बऱ्याचदा ढग बसतात आणि वर पोहोचूनही विवराचा तळ दिसत नाही.

दिवस ठरला की पहिलं काम विवराच्या तिकिटाचं. ते ऑनलाइनच काढायचं. वर तिकीटखिडकी नाही आणि मोबाइलला रेंजही धड नसते, त्यामुळे ‘तिथं जाऊन फोनवर काढू’ म्हणणारे फाटकाशी ताटकळतात. तिकिटावर आत जायची वेळ असते. मुक्काम नेपल्सला असेल तर मी 10 च्या आसपासची वेळ घेतो. रोमहून सकाळच्या वेगवान गाडीनं येणार असाल तर 11 ची घ्या, कारण रोम-नेपल्स प्रवासच सव्वा तासाच्या आसपास आहे. तिकीट फोनमध्ये उतरवून ठेवावं, ईमेलमध्ये शोधत बसायची वेळ येऊ देऊ नये.

पॉम्पेईचं तिकीटही आधीच घ्यावं. नोव्हेंबर 2024 पासून तिथं दिवसाला 20 हजार माणसांची मर्यादा आहे आणि तिकिटावर प्रत्येकाचं नाव लागतं. नाव पासपोर्टवर आहे तसंच टाका, कारण दारात ओळखपत्र मागू शकतात. उन्हाळ्याच्या मोसमात ही मर्यादा दोन भागांत विभागलेली असते : सकाळी 9 ते 1 मध्ये 15 हजार, दुपारी 1 नंतर 5 हजार. आपल्याला दुपारचा भाग हवा, आणि तोच लहान आहे. तिकिटाचे मुख्य प्रकार दोन. साध्या तिकिटात भिंतीच्या आतलं शहर येतं. महागाच्या तिकिटात शहराबाहेरचे व्हिला येतात, त्यात लाल भित्तिचित्रांचा ‘व्हिला दे मिस्तेरी’ही आला. ज्वालामुखी आणि पॉम्पेई एकाच दिवशी करायचं असेल तर साधं तिकीट पुरतं. महिन्याच्या पहिल्या रविवारी प्रवेश फुकट असतो, तेव्हा गर्दी इतकी होते की तो रविवार मी टाळतोच. भाडी आणि तिकिटं दरवर्षी थोडीफार बदलतात. जेवण सोडून माणशी 50 ते 60 युरो धरून चालावं.

गाडी चिर्कुमवेझुवियाना नावाच्या लोकलची. नेपल्सच्या मुख्य स्टेशनाच्या खाली, जमिनीखालच्या मजल्यावर तिचं गारिबाल्दी स्टेशन आहे. पण ती सुटते एक स्टेशन आधी, पोर्ता नोलानाहून. बसायला जागा हवी असेल तर दहा-पंधरा मिनिटं चालून तिथूनच चढा. मुंबईच्या लोकलची सवय असलेल्याला गर्दीचं काही वाटणार नाही. तरी पाकीट आणि फोन पुढच्या खिशात ठेवा, विशेषतः दारात उभे असाल तेव्हा. एर्कोलानो स्कावी या स्टेशनवर उतरायचं, साधारण वीस मिनिटं लागतात. तिकीट फेकू नका, बाहेर पडताना फाटकावर लागतं. संपाचा दिवस असेल तर तो आधी जाहीर झालेला असतो. ‘शोपेरो’ हा शब्द आणि तारीख आदल्या रात्री शोधून बघावी. संपातही कामावर जाण्या-येण्याच्या ठरावीक वेळांना गाड्या सोडाव्या लागतात, पण अशा दिवशी ही सहल करू नये. एक गाडी चुकली तर पुढची सगळी साखळी तुटते.

एर्कोलानो स्टेशनच्या बाहेरून डोंगरावर जाणाऱ्या छोट्या बसेस सुटतात. वळणावळणाच्या रस्त्यानं वर जायला सुमारे 40 मिनिटं. गाडी लागणाऱ्यांनी पुढची सीट धरावी. बसचं भाडं आणि विवराचं तिकीट या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. तुम्ही देताय ते फक्त बसचं की दोन्हींचं, हे पैसे देण्याआधी विचारून घ्या. परतीची बस किती वाजता आणि कुठून, हेही चढतानाच विचारा. वर साधारण दीड तास मिळतो, तो पुरेसा आहे.

बस 1000 मीटर उंचीवर सोडते. शिखराची उंची 1281 मीटर. पायवाट सर्वोच्च टोकापर्यंत जात नाही, विवराच्या काठानं फिरते. जाऊन-येऊन सगळं मिळून 4 किलोमीटरच्या आत-बाहेर. चढ पहिल्या वीस-तीस मिनिटांतच आहे, पुढे काठावरून जवळजवळ सपाट. रस्ता रुंद आणि कठडा लावलेला, पण पायाखाली सगळा घसारा : बारीक, हलकी, सच्छिद्र राखखडी. चढताना पाय अर्धं पाऊल मागे येतो, उतरताना घसरतो. पायांत चप्पल-सँडल असतील तर खडे आत शिरून बेजार करतात. घोट्यापर्यंतचे बूट आणि एक काठी एवढं पुरे. छत्री नको, वारा ती उलटी करतो. खाली ऊन कडक असलं तरी वर एक वाऱ्याचं जॅकेट लागतं. स्वच्छतागृह फाटकापाशीच, पुढे नाही.

राजगड-हरिश्चंद्रगड चढलेल्यांना हा डोंगर वेगळा का वाटतो, ते सांगायला हवं. सह्याद्रीही ज्वालामुखीचाच, पण तिथं सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी पातळ लाव्हा जमिनीच्या भेगांतून पसरत गेला. म्हणून आपल्याकडे आडवे थर आणि पठारं दिसतात, शंकू दिसत नाही. व्हेसुव्हियसचा लाव्हा जाडसर आणि वायूनं भरलेला. वायू कोंडतो, मग फुटतो, आणि दगडाचा फेस होऊन आकाशात उडतो. पायाखाली घसरणारी ती हलकी खडी त्याच जातीची. चढताना उत्तरेला कड्याचा मोठा अर्धगोल दिसतो, तो मोंते सोम्मा. आताच्या शंकूच्या आधी जो मोठा डोंगर होता त्याचा तो उरलेला काठ. दोन्हींच्या मधल्या दरीत 1944 च्या उद्रेकाचा लाव्हा पडलेला आहे. त्यावर करड्या-रुपेरी शेवाळासारखं दगडफूल उगवलंय, त्यामुळे तो प्रवाह लांबूनही आजूबाजूच्या झाडीतून वेगळा ओळखू येतो. विवराचा व्यास साधारण अर्धा किलोमीटर, खोली 300 मीटरच्या आसपास. आत लाव्हा दिसत नाही. 1944 नंतर नळी बंद आहे, फक्त भिंतीतून अधूनमधून वाफ निघते. काठावर मार्गदर्शक असतात, त्यांना वाफेची जागा विचारा, नाहीतर ती नजरेतून सुटते.

हवा बिघडली की वाट बंद करतात. 2017 आणि 2025 च्या उन्हाळ्यांत डोंगराला वणवे लागले तेव्हाही बंद होती. अशा दिवसासाठी पर्याय पायथ्याशीच आहे : एर्कोलानो स्टेशनहून दहा मिनिटं उतारानं चालत गेलं की हर्क्युलेनियम, त्याच उद्रेकात गाडलं गेलेलं दुसरं शहर. पॉम्पेईपेक्षा खूप लहान, दोन-अडीच तासांत नीट बघून होतं, आणि तिथं जळून कोळसा झालेली लाकडी तुळया-दारं अजून जागेवर आहेत. हिवाळ्यात पॉम्पेईचा शेवटचा प्रवेश साडेतीनला असतो, म्हणून नोव्हेंबर ते मार्च मी ज्वालामुखीला हर्क्युलेनियमच जोडतो. हिवाळ्याच्या दुपारी पॉम्पेई घाईत उरकणं मला पटत नाही.

डोंगरावरून उतरून पुन्हा लोकल पकडायची, सोरेंतोच्या बाजूची. स्टेशन ‘पॉम्पेई स्कावी–व्हिला दे मिस्तेरी’. याच रुळांवरून पोज्जोमारिनोला जाणारी गाडीही येते, ती पुढे फाटा घेऊन ‘पॉम्पेई सांतुआरिओ’ला थांबते. त्यात बसलात तरी घाबरू नका, तिथून पॉम्पेईचं अँफिथिएटरच्या (झुंजींच्या गोल प्रेक्षागाराच्या) बाजूचं दार जवळच आहे. स्कावी स्टेशनच्या बाहेर ‘माहिती’ असे फलक लावून तिकिटं आणि गाइड विकणारे उभे असतात. आपल्याजवळ तिकीट आहे, सरळ पोर्ता मारिना दाराकडे चालायचं. 30 × 30 × 15 सेंटिमीटरपेक्षा मोठी बॅग आत नेता येत नाही, ती दारापाशी ठेवायची सोय आहे.

खाणं आत जाण्याआधी उरकावं. कांदा-लसूण चालत असेल पण चीज नको असेल तर पिझ्झा मारिनारा मागा, त्यात टोमॅटो, लसूण आणि ओरेगानो एवढंच असतं. भाताचे तळलेले गोळे, अरांचिनी, शाकाहारी वाटतात, पण आत बहुधा खिमा असतो. विचारल्याशिवाय घेऊ नये. पाण्याच्या बाटल्या विकत घेत बसू नका, शहरात जागोजागी पिण्याच्या पाण्याचे नळ चालू असतात.

पॉम्पेईचं क्षेत्र सुमारे 66 हेक्टर, त्यातलं दोन तृतीयांश उघडं झालंय. चार तासांत सगळं होत नाही, म्हणून रेषा आखून चालावं. मी पोर्ता मारिनाहून आत शिरून बॅसिलिका, म्हणजे न्यायसभेची इमारत, मग फोरम, म्हणजे शहराचा मुख्य चौक घेतो. फोरमच्या दक्षिण टोकाला उभं राहून उत्तरेकडे बघा. ज्युपिटरच्या देवळामागे आपण सकाळी चढलेला डोंगर बरोबर समोर येतो, आणि सुमारे 10 किलोमीटरचं अंतर डोळ्यांना कळतं. इ.स. 79 मध्ये वारा डोंगराकडून शहराकडे वाहत होता. आधी कित्येक तास हलक्या दगडांचा पाऊस पडला, त्यानं छपरं कोसळली. दुसऱ्या दिवशी सकाळी तप्त राख-वायूचे लोट आले आणि शहरात उरलेली माणसं त्यात गेली. लाव्हा इथं आलाच नाही. माणसांचे जे आकार दिसतात ते दगड झालेले देह नव्हेत. देह कुजून राखेत पोकळी उरली, आणि 1863 मध्ये पुरातत्त्वज्ञ ज्युझेप्पे फिओरेल्ली यांनी तीत प्लास्टर ओतून ते आकार मिळवले. आतली हाडं खरी आहेत, तिथं हसत सेल्फी काढू नये.

फोरमहून फॉनचं घर, तिथून जवळच व्हेत्ती बंधूंचं घर. हे दुसरं घर दीर्घ दुरुस्तीनंतर जानेवारी 2023 मध्ये उघडलं. रांग असली तरी थांबा, त्यातल्या चित्रांचे रंग अजून छान शाबूत आहेत. मग बेकरी, स्ताबियन स्नानगृहं आणि व्हिया देल’आब्बोंदान्त्सा हा मुख्य रस्ता. इथं घाई करू नका. फरसबंदी व्हेसुव्हियसच्याच काळ्या दगडाची, आणि तिच्यात गाड्यांच्या चाकांनी पाडलेले खोल चर आहेत. रस्ता ओलांडायला मध्ये उंच दगड ठेवलेत. चाकं त्यांच्या फटींतून जायची, माणसं वरून, खालून सांडपाणी वाहायचं. चौकातल्या दगडी पाणवठ्याची कड बघा. पाणी प्यायला वाकणाऱ्यांचे हात टेकून टेकून नळीच्या दोन्ही बाजूंना ती गुळगुळीत झिजली आहे.

या दगडांवर पाय मुरगळण्याचं प्रमाण बरंच असतं. ओले असले की ते साबणासारखे होतात. लहान मुलांची ढकलगाडी इथं चालत नाही. मुलाला पाठीवर घ्या, किंवा अँफिथिएटरच्या दारातून सुरू होणारा सपाट केलेला मार्ग धरा. सावली जवळपास नाहीच, टोपी हवीच. आणि काही घरं ठरावीक दिवशीच उघडी असतात, एखादं बंद दिसलं तर वाट बघत थांबू नये.

शेवटी पळून जाणाऱ्यांची बाग, तिथं 13 जणांचे आकार एका ओळीत आहेत, आणि अँफिथिएटर. अँफिथिएटरच्या दारानं बाहेर पडा. परत स्कावी स्टेशनला चालत गेलात तर वीस-एक मिनिटं जातात. सांतुआरिओ स्टेशन त्यापेक्षा जवळ आहे आणि तिथूनही नेपल्सची गाडी मिळते.

आब्बोंदान्त्सा रस्त्यावरच्या एका घरात 1938 मध्ये पुरातत्त्वज्ञ आमेदेओ माइउरी यांना एक हस्तिदंती भारतीय स्त्रीमूर्ती सापडली, ‘पॉम्पेई लक्ष्मी’ म्हणून ती ओळखली जाते. जालना जिल्ह्यातल्या भोकरदनला आणि धाराशिव जिल्ह्यातल्या तेरला उत्खननांत तिच्याशी मिळत्याजुळत्या हस्तिदंती मूर्ती मिळाल्या, त्यामुळे ती मराठवाड्यात घडली असावी असं काही अभ्यासक मानतात. इ.स. 79 च्या आधी सातवाहनांच्या मुलखातून ती तिथवर पोहोचली असेल तर आपल्या लोकांनी ती बघायलाच हवी. पॉम्पेईत मात्र ती नाही, नेपल्सच्या पुरातत्त्व संग्रहालयात आहे. ते मंगळवारी बंद असतं. म्हणून ही सहल मंगळवारी ठेवावी आणि संग्रहालय सोमवारी किंवा बुधवारी.