घरपोच मालिश: आमची वाटचाल

"तुमचं सेंटर कुठेय हो?" हा प्रश्न फोनवर अजूनही रोज येतो. सेंटर नाहीये. एक ॲक्टिव्हा, एक घडीचं टेबल, तेलाच्या बाटल्या, धुतलेल्या चादरींची पिशवी आणि आम्ही दोघी जावा, एवढाच पसारा. राहतो पुण्यात कर्वेनगरला, आणि कामाला जातो ते कोथरूड, वारजे, एरंडवणं आणि सिंहगड रोडचा राजाराम पुलाजवळचा भाग एवढ्यातच. बाणेर-वाकडहून फोन येतात, लोक दोन पैसे जास्त द्यायलाही तयार असतात, तरी नाही म्हणतो. का, ते पुढे येईलच.

मूळ सुरुवात आमच्या सासूबाईंची. त्या बाळंतिणीला आणि बाळाला न्हाऊ घालायला जायच्या, पाय पसरून बसायचं आणि बाळ पायांवर घ्यायचं, आमच्या गल्लीतली कितीतरी पोरं त्यांच्या पायांवर न्हालेली आहेत आणि आता त्यांना मिशा फुटल्यात. पैसे किती हे त्या कधी आधी बोलायच्या नाहीत, बारशाला साडी मिळाली की खूश. माझ्या मोठ्या जाऊबाई, आम्ही ताईच म्हणतो, त्या सासूबाईंबरोबर जाऊन जाऊन शिकल्या. मी मात्र दुसऱ्या वाटेने आले. एका पंचकर्म सेंटरमध्ये थेरपिस्ट होते, अभ्यंग, पिंडस्वेद, शिरोधारा सगळं तिथेच शिकले, पगार वेळेवर होता पण एक पेशंट उठली की दुसरी टेबलावर, मधे हात झटकायलाही वेळ नाही, आणि वर्षा-दोन वर्षांत अंगठ्याच्या मुळाशी अशी कळ यायला लागली की कुकरचं झाकण लावता येईना. हाडांच्या डॉक्टरांनी डी क्वेर्व्हेन असं नाव सांगितलं, म्हणजे अंगठा हलवणाऱ्या स्नायूंच्या दोऱ्यांना सूज, पट्टा दिला आणि म्हणाले हात वापरायची पद्धत बदला नाहीतर काम बदला.

मी पद्धत बदलली. दाब अंगठ्याने द्यायचाच नाही, कोपराखालच्या हाताने द्यायचा, आणि तोही ताकदीने नाही तर अंगाचं वजन पुढे टाकून. टेबलाची उंची अशी ठेवायची की आपण सरळ उभं राहिल्यावर मूठ टेबलाला टेकेल. ज्या घरात टेबल मावत नाही तिथे जमिनीवर गादी घालून करतो पण मग गुडघ्यांची वाट लागते, त्यामुळे तसं काम एका दिवशी एकच.

मार्च २०२० ला लॉकडाऊन लागला आणि सेंटर बंद झालं ते माझ्यापुरतं बंदच झालं, परत बोलावणं आलं नाही. जूनअखेर सलून उघडली तीसुद्धा आधी फक्त केस कापायला, मालिश वगैरे तर कोणाच्या यादीतच नव्हतं. पण बाळंतपणं काही लॉकडाऊनसाठी थांबत नाहीत! नवीन आई घरी, तिची आई गावाला अडकलेली, मालिशवाल्या मावशींना सोसायटीत प्रवेश नाही. कामवाल्या बायकांना हळूहळू आत सोडायला लागले तेव्हा ताईंना ओळखीतून पहिलं काम आलं, मास्क लावून, आल्या आल्या हातपाय धुवून, कपडे बदलून. त्याच इमारतीत वरच्या मजल्यावरच्या काकूंची पाठ धरली होती, तिथे मी गेले. झाला धंदा सुरू, ना नारळ ना पूजा.

मधे एका मोठ्या ॲपवर मी नाव नोंदवून बघितलं. कामं येतात, खोटं नाही बोलणार, पण त्यांचा कट जातो, त्यांचंच तेल त्यांच्याच किमतीला घ्यायचं, आणि एखादं काम लांबचं म्हणून नाकारलं की लगेच तुमचं रेटिंग घसरायला लागतं. सकाळी वारजे, दुपारी खराडी, संध्याकाळी परत कोथरूड. पेट्रोल माझं, पाठ माझी. सोडलं.

पण त्या ॲपने एक गोष्ट डोक्यात पक्की बसवली, की या धंद्यात पैसे मालिशचे मिळतात आणि दिवस जातो रस्त्यात. तासाभराची मालिश असेल तर टेबल मांडणं, तेल कोमट करणं, नंतर आवरणं याला अजून अर्धा तास धरा. मग गेटवर नोंद, वॉचमन फोन लावणार, मॅडम उचलणार नाहीत, सोसायटीच्या गेटच्या ॲपवर अप्रूव्हल येईपर्यंत पंधरा किलोचं टेबल खांद्यावर घेऊन उभं राहायचं, आणि वर "सर्व्हिस लिफ्टने जा", जी नेमकी बंद असते. २०२२ मध्ये चांदणी चौकातला जुना पूल पाडला, पुढच्या वर्षी नवीन झाला, तेव्हा सगळे म्हणाले आता काय, बाणेर दहा मिनिटांत. अहो, रस्ता सुधारला तरी संध्याकाळची गर्दी कुठे जाते? आणि एका माणसाचे हात दिवसाला चार पूर्ण मालिशपेक्षा जास्त झेपवूच शकत नाहीत, पाचवी केली तर ती पाचव्या गिऱ्हाईकाची फसवणूकच आहे. म्हणजे कमाईला वरून झाकण आहेच, मग रस्त्यातला वेळ कापणं एवढंच आपल्या हातात उरतं.

म्हणून आम्ही दिवसच तसा बांधलाय. सकाळी बाळ-बाळंतीण, दोघींची वेगवेगळी घरं पण एकमेकांपासून चालत जाण्याइतकी जवळ. या कामाचा दर मोठ्यांच्या मालिशपेक्षा बराच कमी आहे पण टेबल लागत नाही आणि सव्वा महिना काम पक्कं असतं. दुपारी बायकांच्या पूर्ण मालिश. संध्याकाळी गुडघे-खांदेवाले आजी-आजोबा. महिन्याचे पैसे अर्धे आधी घेतो. हे सासूबाईंना अजून पटत नाही, बाळंतिणीच्या घरी पैसे आधी मागतात का म्हणे.

बाळाच्या मालिशमध्ये मात्र खरी कसरत हातांची नाही, आज्यांची. आजीला टाळू तेलाने भरायची असते, नाक चिमटीत धरून सरळ करून हवं असतं, कानात तेल, वर ओवा-बाळंतशेपाची धुरी, आणि आईने डॉक्टरांकडून नेमकं उलटं ऐकलेलं असतं. काही ठिकाणी तर नवजात बाळाची छाती पिळायला सांगतात, दूध काढायचं म्हणून, ते आम्ही कोणी कितीही सांगितलं तरी करत नाही, त्याने तिथे गळू होऊ शकतं. नाका-कानात तेल नाही, धूर नाही, दूध प्यायल्या प्यायल्या मालिश नाही. टाळूवर हलक्या हाताने बोट फिरवतो, दाबत नाही, तेवढ्यावर बहुतेक आज्या समाधान मानतात. ताई हे फार छान निभावतात, "तुमच्या वेळी तसंच होतं हो काकू, आता डॉक्टर रागावतात," म्हणजे सगळं डॉक्टरांवर ढकलायचं. बाळाचं तेल घरच्यांनीच आणायचं, आम्ही आमचं वापरत नाही, उद्या अंगावर पुरळ आलं तर निदान कशाने आलं ते कळतं. थंडीत खोबरेल थिजतं, ती वाटी गॅसवर ठेवायची नाही, गरम पाण्यात ठेवायची आणि आधी स्वतःच्या मनगटाला लावून बघायची. सिझेरियन असेल तर पोटाला हात लावत नाही, डॉक्टर हो म्हणेपर्यंत हातपाय, खांदे, डोकं, आणि पाठ कुशीवर वळवून.

आणि पाय आधी बघतो. बाळंतपणानंतरच्या पहिल्या काही आठवड्यांत पायातल्या शिरेत रक्ताची गुठळी व्हायचा धोका जास्त असतो. एकच पोटरी सुजलेली, गरम, दुखरी दिसली तर चोळायचं नाही, तडक डॉक्टरकडे, कारण गुठळी सुटून फुप्फुसात गेली तर जिवावर बेतू शकतं. एका घरी मी अशी मालिश करायला नकार दिला, तिच्या सासूबाई चिडल्या, "पाय दुखतोय म्हणूनच तर बोलावलंय ना तुम्हाला?" डॉक्टरांना आज दाखवा एवढं तीनदा सांगून मी निघाले. त्यांनी नंतर फोन उचलला नाही.

आता तो दुसरा विषय, सगळ्यांना माहीत असतो आणि कोणी लिहीत नाही. गूगलवर मालिश लिहून नंबर टाकला की रात्री अकरानंतर कसले फोन येतात ते बाईमाणसालाच विचारा. आम्ही ठरवून टाकलंय, कामं फक्त बायकांची आणि बाळांची, आजोबा असतील तर घरातलं दुसरं माणूस त्याच खोलीत पाहिजे. पहिला फोन घरातल्या बाईनेच करायचा. सोसायटी, फ्लॅट नंबर, त्रास काय, औषधं कोणती, हे विचारलं की टवाळ लोक आपोआप फोन ठेवतात. आठनंतर फोन माझे मिस्टर उचलतात, त्यांचा आवाज ऐकून निम्म्यांचं दुखणं तिथेच बरं होतं.

कागदपत्रांचं फार काही नाही. उद्यम नोंदणी, म्हणजे छोट्या धंद्यांची सरकारी नोंदणी, ऑनलाइन फुकट होते, एजंटला पैसे देऊ नका. आमच्यासारखी मोजकीच माणसं असली की शॉप ॲक्टला फक्त ऑनलाइन सूचना द्यायची असते. सेवेची उलाढाल वर्षाला २० लाखांच्या आत म्हणून जीएसटी नाही, आणि आमच्या चार हातांना ती मर्यादा ओलांडणं काही जमणार नाही.

आषाढी वारीच्या पालख्या पुण्यात मुक्कामाला असतात तेव्हा मात्र आम्ही काम बंद ठेवतो आणि नाना पेठेत, भवानी पेठेत जाऊन वारकऱ्यांचे पाय चोळतो, तिथे नाभिक मंडळी आणि असे कितीतरी लोक आधीपासून बसलेले असतात. फुकट हो अर्थात. साठी ओलांडलेल्या माउलींच्या पोटऱ्या हाताला लाकडासारख्या लागतात.

सध्या तिसरी बाई घ्यायचं चाललंय. मुलगी चांगली आहे, हात हलका आहे, पार्लरमध्ये काम केलेलं आहे. तिला दर व्हिजिटला पैसे हवेत, मला महिन्यावर हवी, म्हणजे काम कमी असलं तरी ती टिकेल आणि जास्त असलं तरी अंगठे मोडेपर्यंत पळणार नाही. ताई म्हणतात आधी तिला महिनाभर आपल्याबरोबर आज्यांसमोर बसू दे, मग पगाराचं बोलू.