येऊरचा कांडोळ आणि वाघोबा : लिनोकट कुठवर आलं

मंडळी, लिनोकट म्हणजे लिनोलियमच्या तुकड्यावर (ब्लॉकवर) चित्र कोरायचं आणि उरलेल्या भागाला शाई लावून कागदावर छापायचं. आपल्या चित्रात एकेका रंगाला एकेक ब्लॉक आहे. काळा ब्लॉक कोरून झाला, चाचणी छापेही निघाले. शेंदरी ब्लॉक अजून हातात घ्यायचाय.

नव्यांसाठी विषय सांगतो. ठाण्याजवळच्या येऊरच्या उतारावर उन्हाळ्यात निष्पर्ण झालेलं कांडोळाचं झाड आणि त्याच्या बुंध्याशी वाघोबा, वारली लोकांचा वाघदेव. कांडोळाला भुत्या म्हणतात ते उगाच नाही. पांढुरकी, पापुद्रे सुटणारी साल, त्यामुळे चांदण्यात सगळं रान काळं होतं आणि हा एकटाच उजळून उभा राहतो. लिनोकटवाल्याला याहून काय हवं! आपलं कामच मुळी अंधारातून उजेड कोरून काढायचं.

म्हणून यावेळी झाडाला बाह्यरेषा दिलीच नाही. मागचा डोंगर काळा ठेवला की बुंध्याची कड आपोआप दिसते. चंद्राकडची बाजू रुंद यू-टूलने (यू आकाराच्या पात्याच्या हत्याराने) मोकळी केली, सावलीकडे बारीक व्ही-टूलचे आडवे फटकारे, बुंध्याच्या गोलाईने वळणारे. कारवीच्या झुडपांच्या उतारावर तर हात आवरताना जीव जातो. तिथे जितकं कमी कोराल तितकं रान दाट वाटतं.

चंद्र मात्र वाघोबाचा. जुन्या कोरीव वाघोबांवर वाघासोबत चंद्र-सूर्य असतात. तो चंद्र उचलून डोंगरावर ठेवला आणि उजेड कुठून येणार हा प्रश्न सुटला. सूर्यास्तानंतर त्या जंगलात जाता येत नाही, त्यामुळे स्केचेस सगळी संध्याकाळची, चांदणं मनचं.

वारलीतली त्रिकोणी माणसं मुद्दाम टाळली. आपल्या ठाण्यात ती भिंतींपासून साडीच्या पदरापर्यंत सगळीकडे आहेत. वारली चित्रकार जिव्या सोमा म्हसे यांनी जन्मभर जे साधलं ते टूलने गिरवून काय मिळणार? त्यांच्याकडून घ्यायचं तर गेरूची रिकामी जागा सोडण्याचं धाडस घ्यावं. काळ्याचा तोल समजून घ्यायला चित्रकार चित्तप्रसाद (१९१५-१९७८) यांची लिनोकट्स बघा. आपल्या शेजारी अंधेरीतच राहायचे ते.

छपाईचं थोडं. लिनो कडक वाटला तर उन्हात ठेवा, लोण्यासारखा कापला जातो. शाई तेलाची वापरतोय. रोलरखाली तिचा बारीक चरचर आवाज यायला लागला की ती बरोबर पसरली. चिकट, फटफट आवाज आला तर शाई जास्त, सालीवरचे बारीक काप भरलेच म्हणून समजा. प्रेस नाही, स्टीलच्या डावाची पाठ घासतो. मधून कागदाचा एक कोपरा उचलून बघायचा, फिकट दिसलं तर तिथेच पुन्हा घासायचं. आणि हो, छाप उलटा येतो, तेव्हा डोंगराची ओळख टिकवायची असेल तर चित्र ब्लॉकवर उलटंच उतरवा.

शेंदरी फक्त वाघोबावर येईल, काळ्याच्या आधी छापून. दोन्ही ब्लॉक जुळवायला पुठ्ठ्याचा काटकोन चिकटवलाय. पावसाळी हवेत तेलाची शाई लवकर वाळवायची कुणाकडे काही युक्ती असेल तर सांगा, छापे सध्या दोरीवर चिमट्यांना लटकलेत आणि घरच्यांना कपडे वाळत घालायला जागा नाही.