विचारलं कोणी?

आज साइटवर स्लॅब ओतायचा नव्हता, म्हणून नव्या पोरांना मिस्त्रींसमोर बसवलं. विषय एकच, ओतलेल्या काँक्रीटवर पाणी मारणं, म्हणजे क्युरिंग. आयएस 456:2000 या काँक्रीटच्या भारतीय कोडमध्ये साध्या ओपीसी सिमेंटला किमान 7 दिवस, पीपीसीसारख्या मिश्र सिमेंटला 10, आणि कोरड्या कडक उन्हात हेच 10 आणि 14. मिस्त्रींनी कोड कधी उघडलेला नाही; पण गोणीवर काय छापलंय ते बघितल्याशिवाय ते स्लॅबवर पाणी साठवायला केलेले वाफे फोडू देत नाहीत. "कॉलमला गुंडाळलेलं ओलं गोणपाट आधी कोपऱ्यावर वाळतं, तिथं हात लावून बघा," म्हणाले. हे आमच्या चेकलिस्टमध्ये नाही.

आपल्या धंद्यात बिल्डिंग उभी राहिली की टीम पांगते. ड्रॉइंग कपाटात, व्हॉट्सॲप ग्रुप थंड, आणि पुढच्या साइटवर बाथरूम पुन्हा तसंच गळतं. 'लेसन्स लर्न्ड'ची फाइल असते म्हणा, हँडओव्हरच्या आदल्या रात्री भरलेली! त्यापेक्षा मिस्त्रींच्या बोलण्याचं आज मोबाइलवर केलेलं रेकॉर्डिंग शंभर पटीने बरं.

एका पोराने विचारलं, "मामा, हे आधी का नाही सांगितलं?"

"विचारलं कोणी?"

सोमवारी बारबेंडरला, म्हणजे सळ्या वाकवून बांधणाऱ्याला, बसवतोय. कव्हर ब्लॉकबद्दल (सळई आणि साच्यात अंतर राखणारे छोटे ठोकळे) त्याची बरीच मतं आहेत, त्यातली निम्मी इथे लिहिण्याजोगी नाहीत.