मिलमच्या वाटेवर २,६१० पावलं

मी सर्व्हेयर आहे, मूळचा नाशिकचा. दोन वर्षांपूर्वी एका रस्त्याच्या कामासाठी उत्तराखंडात मुनस्यारीच्या वर जोहार खोऱ्यात होतो. मिलमच्या बाजूला तिबेटची हद्द लागते त्यामुळे परमिटशिवाय पुढे सोडत नाहीत, त्या दिवशी सकाळी चौकीवर आमची सगळी पेटी उघडली, डीजीपीएस म्हणजे उपग्रहावरून जागा मोजणारं मशीन, प्रिझम, ट्रायपॉड, डायरीसुद्धा पानन् पान बघितली. दीड तास गेला. मला राग नाही आला, त्यांचं कामच आहे ते, पण पोटात गोळा आला होता एवढं खरं. कागद सगळे क्लिअर असूनही.

आमच्यासोबत सामान धरायला एक स्थानिक दाज्यू, म्हणजे तिकडच्या बोलीत दादा, होते, पन्नाशीचे. ते म्हणाले, साब, पंडितजी याच वाटेचे, त्यांची पेटी उघडली असती तर मान गेली असती. पंडितजी म्हणजे नैन सिंह रावत, मिलम गावचे शाळामास्तर. नाव ऐकून होतो पण त्या वाटेवर उभं राहून ऐकणं वेगळंच.

झालं असं की तिकडे रशिया मध्य आशियात एकेक शहर गिळत पुढे येत होता, पुढे १८६५ ला ताश्कंद, १८६८ ला समरकंद घेतलंच, आणि इकडे इंग्रजांकडे तिबेटचा धड नकाशाच नाही. गोरा माणूस दिसला की तिबेटवाले हद्दीवरूनच परत पाठवायचे. इंग्रजांच्या सर्व्हे खात्यातला माँटगोमेरी नावाचा कॅप्टन, त्याने डोकं चालवलं की व्यापारी आणि यात्रेकरू तर बिनधास्त ये-जा करतात, मग त्यांनाच शिकवू. १८६३ मध्ये नैन सिंह आणि त्यांचे भाऊबंद मणी सिंह यांना डेहराडूनला नेऊन तयार केलं. चढ असो की उतार, पाऊल एकाच मापाचं, २,००० पावलांचा एक मैल. जपमाळ १०८ ऐवजी १०० मण्यांची, शंभर पावलांना एक मणी सरकवायचा, म्हणजे पूर्ण माळ झाली की पाच मैल. प्रार्थनाचक्रात मंत्राच्या जागी नोंदींचे कागद, सेक्स्टंट, म्हणजे ताऱ्यांचा कोन मोजायचं यंत्र, पेटीच्या चोरकप्प्यात, आणि त्यासाठी आरशासारखा वापरायचा पारा कवड्यांमध्ये भरून.

त्या दुपारी थंडीने आमच्या बॅटऱ्या बसल्या. काम बंद. दाज्यूंच्या गळ्यात तुळशीची माळ होती, ती मागून घेतली, आठ मणी दोऱ्याने बांधून बाजूला केले. आधी टेपने १०० मीटर आखून चाललो, १३५ पावलं, म्हणजे पाऊल साधारण ७४ सेंटिमीटर. मग आमच्या दोन पॉइंटमधलं अंतर, आदल्या दिवशी मशीनने १,८४० मीटर आलेलं, ते पायाने मोजायला निघालो.

पहिल्या वेळी सातशेच्या पुढे खेचरं आली. वाट अरुंद, खाली गोरी गंगा गर्जतेय, डोंगराला चिकटून उभा राहिलो, घंटा वाजवत ती गेली आणि माझा आकडा डोक्यातून पार गेला, सातशे चाळीस की साठ काही केल्या आठवेना, परत पहिल्यापासून. दुसऱ्या वेळी कुणाशी बोललो नाही, नमस्काराला मान हलवली नाही. २,६१० पावलं भरली. गुणाकार केला तर १,९३१ मीटर, ९१ मीटर जास्त, कारण चढावर माझं पाऊल आखूड पडत गेलं आणि मला ते कळलंसुद्धा नाही.

जेमतेम दोन किलोमीटरला शेकडा पाच चूक! पंडितजींनी ल्हासाच्या एका मोहिमेत १,२०० मैल मोजले, म्हणजे हिशोबाने २४ लाख पावलं. तेही वेष बदलून, तांड्यातल्या लोकांशी गप्पा मारत, रात्री सगळे झोपल्यावर तारे बघून. जानेवारी १८६६ ला ल्हासात पोचले, पैसे संपले तेव्हा व्यापाऱ्यांना हिशोब शिकवून पोट भरलं. दोन काश्मिरी व्यापाऱ्यांनी ओळखलं त्यांना, पण चुगली केली नाही, उलट उसने पैसे दिले. आणि परवानगीशिवाय शहरात आला म्हणून एका चिनी माणसाचं भररस्त्यात डोकं उडवलेलं त्यांनी स्वतः बघितलं होतं. त्यानंतरही मोजत राहिले. माझी तर खेचरांनी मोजणी मोडली.

त्यांचेच चुलतभाऊ किशन सिंह, त्यांना एकदा लुटारूंच्या भीतीने घोड्यावर बसायला लागलं तर त्यांनी घोड्याची पावलं मोजली. सर्व्हेयर म्हणून सांगतो, हे वाचायला सोपं आहे.

१८७७ मध्ये लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीने नैन सिंहांना सुवर्णपदक दिलं. आणि ज्या ल्हासाची वाट त्यांनी मोजली, त्याच ल्हासात १९०४ मध्ये इंग्रज फौज घुसली. ज्या काश्मिऱ्यांनी तोंड बंद ठेवलं, ज्या तांड्यांनी जेवू घातलं, त्यांच्या वाटेला काय आलं हे मात्र मला तेव्हापासून सारखं खुपतं. पंडितजींबद्दलचा आदर कमी होत नाही आणि ते खुपणंही जात नाही.

संध्याकाळी माळ परत दिली. दाज्यूंनी आठ मण्यांचा दोरा सोडला, माळ कपाळाला लावली आणि गळ्यात घातली. म्हणाले, साब, उद्या बॅटरी उशाशी घेऊन झोपा, गरम राहते.