गरम टायरची हवा सोडू नका: भरलेली व्हॅन, तीन दिवस, ९०० किलोमीटर

आधी मुद्द्याचं सांगतो, प्रवास नंतर. चालून तापलेल्या टायरमध्ये हवा मोजायच्या गेजवर आकडा जास्त दिसला म्हणून हवा सोडायची नाही. सांगणारा कितीही जुना माणूस असू दे. मी सोडली, आणि भर दुपारी, सावलीचा पत्ता नसलेल्या पट्ट्यावर मागचा डावा टायर गेला. कुणाला लागलं नाही, माल शाबूत राहिला, पण तो अर्धा दिवस मी विसरणार नाही. तुमच्यावर ती वेळ येऊ नये म्हणून हे लिहितोय.

गाडी बंद बॉडीची व्हॅन, एकूण वजन साडेतीन टनांपर्यंत, मागे दोन्ही बाजूंना एकेकच चाक. टायर १९५/७५ आर १६ सी. शेवटचा ‘सी’ म्हणजे मालवाहू गाडीचा टायर. पुढे १०७/१०५ लिहिलेलं असतं, तो भार सांगणारा आकडा: १०७ म्हणजे एका चाकाला ९७५ किलो, आणि १०५ म्हणजे जोडचाक असेल तर प्रत्येकी ९२५. पण हा भार टायर पेलतो तो आत पूर्ण हवा असेल तरच. हवा कमी झाली की तोच टायर तेवढा भार उचलायच्या लायकीचा राहत नाही, मग वर काहीही छापलेलं असो.

ड्रायव्हरच्या दाराच्या खांबावर स्टिकर असतो. माझ्या गाडीच्या स्टिकरवर भरलेल्या गाडीसाठी पुढे ५० आणि मागे ६५ पीएसआय (हवेच्या दाबाचं माप) आहे. तुमच्या गाडीचा आकडा वेगळा असेल, तो तिथूनच घ्या, माझा घेऊ नका. काही स्टिकरवर किलोपास्कल किंवा बार असतं: ४५० किलोपास्कल म्हणजे ४.५ बार म्हणजे ६५ पीएसआय. टायरच्या बाजूवर बारीक अक्षरात जो सगळ्यात मोठा आकडा असतो तो टायर बनवणाऱ्याचा, गाडी बनवणाऱ्याचा नव्हे. तो बघून हवा भरणारे खूप भेटतात. त्यांना थांबवा.

पहिला दिवस सोपा गेला. पहाटे चारही टायर बघितले, स्टिकरप्रमाणे होते, रस्ता चांगला होता, मुक्कामाला वेळेत पोचलो.

दुसऱ्या दिवशीही पहाटे मागे ६५ बघूनच निघालो. अकराच्या सुमाराला डिझेलसाठी थांबलो तेव्हा ऊन चांगलंच तापलं होतं. सोबतच्या पोराला म्हटलं, हवाही बघून घेऊ. इथेच चूक झाली. हवेच्या नळीवरच्या माणसाने मागच्या टायरला गेज लावला आणि मान हलवली.

‘दादा, पासष्टच्या जागी शहात्तर आहे. एवढ्या उन्हात एवढी हवा? फुटेल ना वाटेत.’

‘सकाळी पासष्टच होती.’

‘मग वाढलीच ना! उन्हाळ्यात पाच कमीच ठेवायची असते.’

तो वर्षानुवर्षं हेच काम करणारा, मी घाईत. त्याने पिन दाबून दोन्ही मागचे टायर ६० वर आणले. फुसफुस आवाज येत होता तेव्हाच मनात पाल चुकचुकली होती, पण गप्प बसलो.

आता हिशोब बघा. पहाटे टायर साधारण २५ अंशांवर होता. भरल्या गाडीने तीन तास पळून आतली हवा ६५ अंशांच्या आसपास जाते. ६५ पीएसआयच्या टायरमध्ये दर १० अंशांना अडीच पीएसआयच्या वर वाढ होते. म्हणजे ४० अंशांना दहा-अकरा पीएसआय. गेजवर ७६ दिसले ते अगदी जसे दिसायला हवे तसेच होते. स्टिकरवरचा ६५ हा थंड टायरचा आकडा आहे, चालल्यावर हवा तापून वाढणार हे धरूनच तो ठरवलेला असतो. तापलेला टायर ६० वर आणला म्हणजे तो थंड झाल्यावर ५१ वर येतो. भरल्या गाडीच्या मागच्या चाकात १४ पीएसआय कमी! स्टिकरच्या आकड्यापेक्षा वीस टक्क्यांहून जास्त कमी हवेवर भारासकट पळालेला टायर आतून खराब झाला असं धरूनच जुने टायरवाले त्याच्याकडे बघतात. मी स्वतःहून टायर त्या खड्ड्यात घातला.

आणि सगळ्यात फसवी गोष्ट पुढची. दीड तासाने सावली मिळाली तिथे मी माझ्या गेजने परत बघितलं, तर ६६. मला बरं वाटलं. स्टिकरवर ६५, इथे ६६, म्हणजे आता बरोबर झालं! प्रत्यक्षात कमी हवेमुळे टायरची बाजू प्रत्येक फेऱ्याला जास्त दुमडत होती, दुमडून आणखी तापत होती, आणि तापल्यामुळे आकडा वर चढत होता. टायर मरत होता आणि गेज मला ‘बरोबर आहे’ असं सांगत होता. गरम टायरवरचा ‘बरोबर’ आकडा हा धोक्याचा आकडा आहे. हे वाक्य लक्षात ठेवा, बाकी विसरलात तरी चालेल.

तो पट्टा सव्वाशे-दीडशे किलोमीटरचा. सरळसोट रस्ता, झाड नाही, आणि कडेला डांबर संपतं तिथे वीतभर खाली मुरूम. सरळ रस्ता असल्याने पाय आपोआप जड होतो, वेग ऐंशीच्या खाली येत नाही. टायरला सगळ्यात वाईट तेच: भार, वेग आणि तापलेलं डांबर, आणि थांबायला कारण काही नाही. घाटात निदान वेग कमी असतो. लोक घाटाला घाबरतात, मी म्हणेन अशा सरळ पट्ट्याला घाबरा.

आधी वास आला, रबर जळल्याचा. मग मागचा भाग हलका डुलायला लागला, आडवा वारा लागावा तसा. मी म्हटलं वाराच असेल. दोन-तीन मिनिटांनी धाडकन आवाज आणि गाडी डावीकडे ओढली गेली. ब्रेकवर पाय नेला नाही एवढं एकच शहाणपण त्या दिवशी सुचलं. स्टिअरिंग घट्ट धरलं, ॲक्सिलरेटर हळूहळू सोडला, वेग पडल्यावर कडेला घेतली. मागचा टायर गेला की जोरात ब्रेक मारू नका, शेपूट फिरते.

पुढची गंमत नव्हती. गाडीखालची स्टेपनी काढली, तिच्यात ३२. कुणी कधी बघितलीच नव्हती, मीही नाही. स्टेपनी खाली टांगलेली असते, व्हॉल्व्ह वरच्या बाजूला तोंड करून, म्हणून हात पोचत नाही आणि मग वर्षभर तसंच. बॉटल जॅक लावला तर तो मुरुमात रुतला. मालाखालची लाकडी फळी मिळाली म्हणून जमलं. त्यानंतर बारा व्होल्टचा छोटा कॉम्प्रेसर. तो कारच्या तीस-पस्तीससाठी बनवलेला. ३२ वरून ६० पर्यंत जायला त्याला दोनदा थंड होऊ द्यावं लागलं, अर्धा तास गेला. तो घेताना डब्यावरचा कमाल आकडा बघू नका, तो किती मिनिटं सलग चालतो ते बघा. व्हॅनसाठी बॅटरीला थेट चिमटे लावून चालणारा मोठा कॉम्प्रेसरच घ्या, सिगारेट लायटरच्या भोकातला नको.

संध्याकाळी टायरच्या दुकानात रिमवरून टायर उतरवला तेव्हा जे दिसलं ते सगळ्यांनी एकदा तरी बघावं. आतून मूठभर काळा भुगा निघाला, कॉफीच्या पुडीसारखा बारीक आणि हाताला चिकटणारा. तो टायरच्या बाजूचाच आतला थर, दुमडून दुमडून खरवडलेला. फाटलेल्या जागेपासून लांब, जिथे बाहेरून टायर धडधाकट दिसत होता, तिथेही आत बोटभर रुंदीचा निळसर काळा पट्टा गोल फिरला होता.

मग मी उजवा टायरही उतरवायला सांगितला. दुकानदार म्हणाला, ‘कशाला? चांगला आहे, हवा पण आहे.’ वाद घालून उतरवला. भुगा नव्हता, पण तोच पट्टा फिकट, आतली चमक गेलेली. तोही बदलला. एकाच दिवशी, एकाच माणसाने, सारखीच हवा सोडलेली दोन चाकं. एक गेलं तर दुसरं निरोगी कसं असेल? बाजूला ठिगळ लावलेला जुना टायर स्वस्तात देऊ केला होता. मालवाहू गाडीला बाजूवर ठिगळ चालत नाही, विषय संपला.

नायट्रोजन भरा, मग गरम होणार नाही, असंही तिथे गळ्यात मारत होते, जादा पैशात. साध्या हवेतच ७८ टक्के नायट्रोजन असतो. तापल्यावर दोन्ही जवळपास सारखेच वाढतात. नायट्रोजन जरा हळू झिरपतो एवढंच. महिन्याला एक-दोन पीएसआय कुठल्याही टायरमधून जातात, ते तुम्ही स्वतः भरून काढू शकता. मी नाही म्हटलं.

तिसऱ्या दिवशी पहाटे गार हवेत स्वतःच्या गेजने मोजलं: पुढे ५०, ५०, मागे ६५, ६५, स्टेपनी ६५. मग घाट चढलो. काय चालली गाडी! वळणावर मागचा भाग जागचा हलत नव्हता, स्टिअरिंग हलकं, आवाज नाही. काल याच गाडीच्या डुलण्याला मी वारा समजत होतो. उंचावर गेल्यावर गेज थोडा जास्त दाखवतो हेही सांगून ठेवतो: हजार मीटर चढलं की बाहेरच्या हवेचा दाब दीड पीएसआयच्या आसपास कमी होतो, म्हणून गेजवर तेवढा फरक पडतो. त्याला हात लावू नका. उतरून खाली आल्यावर मागे ७८ होते, ब्रेकची उष्णता रिममधून टायरला लागलेली. एका माणसाने परत ‘जास्त आहे’ म्हटलंच. या वेळी मी व्हॉल्व्हची टोपी परत फिरवून बसवली आणि निघालो. घाट उतरल्यावर तापलेल्या चाकांवर पाणीही मारू नका.

मग गरम टायर बघायचाच नाही का? बघायचा, पण एकमेकांशी ताडून. मागचे दोन्ही ७५-७६ असतील तर निवांत जा. एक ७५ आणि एक ६८ असेल तर त्या दुसऱ्याची हवा कुठून तरी जाते आहे, व्हॉल्व्हवर साबणाचं पाणी टाकून बघा. एक ७५ आणि एक ८५ असेल तर ब्रेक चिकटतो आहे किंवा माल एका बाजूला आहे. हाताची पालथी बाजू चाकाजवळ नेली की कळतं. गरम टायर थंडाच्या आकड्यापेक्षाही कमी दाखवत असेल तर मात्र भरा, आणि पहाटे परत नीट मोजा.

थंड म्हणजे किमान तीन तास उभी असलेली गाडी, किंवा एक-दोन किलोमीटर हळू आलेली. त्यामुळे हवा मुक्कामावर, निघण्याआधी बघा. डिझेल भरताना बघाल तर माझ्यासारखं होईल. डोळ्यांनी आणि लाथेने काही कळत नाही, या टायरची बाजू इतकी कडक असते की ४५ आणि ६५ सारखेच दिसतात. गेज स्वतःचा, १०० पीएसआयपर्यंतचा घ्या. कारचा साठला संपणारा गेज व्हॅनला उपयोगाचा नाही. डॅशबोर्डवरच्या दिव्यावर विसंबू नका, तो बराच दाब गेल्यावर लागतो.

माल चढवण्याआधी हवा भरा, चढवल्यावर नाही. एकदा तरी वजनकाट्यावर फक्त मागची चाकं ठेवून वजन घ्या. एकूण वजन नियमात असूनही मागच्या एक्सलवर जास्त भार असू शकतो हे मला तिथेच कळलं, आणि जड खोके पुढे सरकवले. परत येताना गाडी रिकामी होती. ६५ वर रिकामी व्हॅन मागून उड्या मारते, ओल्या रस्त्यावर ब्रेक लागायला वेळ लागतो, आणि महिनोन्‌महिने तसंच चालवलं तर टायर मधोमध घासतो. स्टिकरवर रिकाम्या गाडीचा वेगळा आकडा असेल आणि काही दिवस रिकामी फिरणार असाल तर पहाटे थंड असताना तेवढ्यावर आणा. त्याच दिवशी परत माल घेणार असाल तर तशीच ठेवा, वर-खाली करत बसू नका.

नवीन टायर बसवल्यावर ऐंशी किलोमीटरवर थांबून नट परत आवळले. मागच्या डाव्या चाकाचे दोन नट पाव फेरा फिरले.