मुंबईतल्या गाडीचे हीटर पाईप

मुंबईत गाडीचा हीटर कोणी लावत नाही. सांताक्रूझला नोंदलं गेलेलं सर्वांत कमी तापमान 7.4 अंश, तेही जानेवारी 1962 चं. एरवी डिसेंबर-जानेवारीतसुद्धा आपल्याला एसीच लागतो. त्यामुळे डॅशबोर्डवरचा तो तापमानाचा खटका वर्षानुवर्षं निळ्या टोकाला पडून राहतो, आणि बॉनेटखालचे हीटरचे दोन रबरी पाईप कुणाच्या लक्षातही राहत नाहीत. पण हीटर बंद असला तरी ते पाईप बंद नसतात. इंजिन तापलं की त्यांच्यात इंजिन थंड ठेवणारं तेच गरम कूलंट, तेवढ्याच दाबाने भरलेलं असतं. माझ्या गाडीसाठी दोन गॅरेजांत मला इंजिनचं हेड, म्हणजे वरचा भाग, उतरवायला सांगितलं गेलं होतं. दोष निघाला या दोनपैकी एका वीतभर पाईपमध्ये. म्हणून हे सविस्तर लिहितेय.

गाडी 1999 ची, पेट्रोलवरची, मामांकडून आमच्याकडे आलेली. 15 वर्षांनंतर दर पाच वर्षांनी करावं लागतं ते नोंदणीचं नूतनीकरण वडाळ्याच्या आरटीओत 2024 मध्ये झालं. इंजिन उत्तम आहे, बॉडीला गंज नाही. मुलुंडहून नाशिकला मावशीकडे आम्ही हीच गाडी नेतो, म्हणजे कसारा घाट ठरलेला.

तक्रार साधी होती. कूलंटच्या बाटलीतली पातळी हळूहळू खाली जायची. भरलं की काही आठवडे ठीक, मग पुन्हा खालच्या रेषेवर. गाडीखाली डबकं नाही. मीटरची सुई जागेवर. फक्त लालबहादूर शास्त्री मार्गावरच्या ट्रॅफिकमधून येऊन गाडी लावली आणि बॉनेटजवळ उभं राहिलं, की गोडसर वास यायचा. गरम कूलंटचा वास एकदा नाकात बसला की विसरत नाही.

पहिल्या गॅरेजमध्ये झाकण उघडून, बघून, लगेच निकाल मिळाला: "ताई, हेड गॅस्केट गेलंय. पाणी इंजिन पितंय." दुसरीकडे वॉटर पंपाचं नाव निघालं, आणि वर "पंप काढतोय तर हेडही उघडून घेऊ." हेड उतरवणं म्हणजे मोठा खर्च, आणि जुन्या इंजिनचे बोल्ट एकदा हलवले की बाकीचीही कामं निघतात. संशयावर हे करायला मी तयार नव्हते.

हेड गॅस्केट म्हणजे हेडच्या खालचं पॅकिंग. ते गेलं असेल तर त्याच्या खुणा दिसल्या पाहिजेत. ऑइलची काडी काढून पाहिली, ऑइल स्वच्छ. दुधाळ चहासारखा रंग कुठेही नाही, ऑइल भरायच्या झाकणाखालीही नाही. थंड इंजिनवर रेडिएटरचं झाकण काढून गाडी सुरू ठेवली, तर बुडबुड्यांची रांग लागली नाही. सायलेन्सरमधून सतत पांढरा धूर नाही. एक रासायनिक चाचणीही असते. रेडिएटरच्या तोंडावर निळ्या द्रावणाची नळी धरतात. इंजिनमधला जळलेला वायू कूलंटमध्ये येत असेल तर निळा रंग पिवळा होतो. ती करून घेतली, रंग निळाच राहिला. मग हेड उघडायचं कारणच उरलं नाही.

दुसरी शंका हीटर कॉइलची होती. डॅशबोर्डच्या आत बसलेली ती छोटी जाळी गळायला लागली तर पुढच्या सीटसमोरचा गालिचा ओला होतो आणि काचेवर आतून चिकट धुकं येतं. मुंबईत इथे हमखास गोंधळ होतो, कारण एसीची ड्रेन नळी तुंबली तरी गालिचा ओला होतोच. ते पाणी ओळखायला सोपं आहे. एसीच्या पाण्याला रंग, वास काही नसतो. कूलंट बोटांना बुळबुळीत लागतं. आमचा गालिचा कोरडा होता.

गाडीखाली पुठ्ठा टाकून बघण्याचा सल्ला बरेच जण देतात. एसीचं पाणी टपकणाऱ्या गाडीत त्याचा फार उपयोग होत नाही. शिवाय गळती बारीक असेल तर थेंब गरम इंजिनवरच वाळून जातो आणि जमिनीपर्यंत पोचत नाही. मागे राहते फक्त पांढरट किंवा हिरवट खपली.

अशा वेळी उपयोगी पडतो तो प्रेशर टेस्टर. हातपंप, वर दाबाचं मीटर, आणि रेडिएटरच्या तोंडावर बसणारं अडॅप्टर. मी तो विकत घेतला आणि भांडुपला एका ओळखीच्या मेकॅनिककाकांकडे गाडी नेली. काकांचा हात तयार झाला तो प्रीमियर पद्मिनी टॅक्स्यांवर. त्या टॅक्स्यांतली शेवटची ताडदेव आरटीओत 2003 च्या ऑक्टोबरमध्ये नोंदली गेली होती आणि 20 वर्षांची मर्यादा संपल्यावर 2023 च्या ऑक्टोबरअखेर तीही बंद झाली. पाण्याच्या तक्रारी ऐकत काकांची उमेदीची वर्षं गेली आहेत. त्यांनी पहिली गोष्ट केली म्हणजे इंजिन पूर्ण थंड होईपर्यंत बॉनेटला हातही लावला नाही. गरम इंजिनचं झाकण उघडून हात-तोंड भाजलेली माणसं त्यांनी पाहिली आहेत.

रेडिएटरच्या झाकणावर 0.9 लिहिलेलं होतं, म्हणजे दर चौरस सेंटिमीटरला 0.9 किलो दाब. तेवढाच दाब पंपाने भरला. त्याहून जास्त भरायचा नाही, नाहीतर चांगला भागही फाटू शकतो. काटा स्थिर राहायला हवा होता. तो सावकाश, पण न थांबता, खाली यायला लागला. रेडिएटर कोरडा, वरचा-खालचा मोठा पाईप कोरडा, वॉटर पंपाचं गळती दाखवणारं भोक कोरडं. मग काकांनी दाढीचा छोटा आरसा आणि टॉर्च घेऊन इंजिनच्या मागे, केबिनच्या भिंतीजवळ धरला. हीटरकडे जाणाऱ्या पाईपच्या खालच्या बाजूला, क्लिपच्या अगदी कडेला, एक थेंब जमत होता. वरून तो पाईप धडधाकट दिसत होता.

"दाबून बघा ताई," काका म्हणाले. मधोमध पाईप घट्ट होता. टोकाशी, क्लिपपासून दोन बोटांवर, पिकलेल्या केळ्यासारखा मऊ. रबरी पाईप तपासायची ही सगळ्यांत महत्त्वाची जागा. कूलंट, धातूची नळी आणि रबर यांच्यात बारीक विद्युत-रासायनिक क्रिया चालू असते. तिच्यामुळे पाईप आतून, तोही टोकांजवळ, लांबीच्या दिशेने चिरत जातो. बाहेरचं रबर काळंभोर, चकचकीत राहतं आणि रबरातली दोऱ्यांची जाळी उघडी पडते. म्हणून नुसतं डोळ्यांनी बघून पाईपची परीक्षा होत नाही. थंड असताना मधे आणि टोकाला दाबून फरक बघायचा. मऊ पडणं जेवढं वाईट, तेवढंच कडक होऊन दाबल्यावर चरचरणंही वाईट.

आमच्या पाईपचं आणखी एक दुखणं होतं. तो एका बाजूला फुगला होता आणि हाताला तेलकट लागत होता. बरोबर वर टॅपेट कव्हर, म्हणजे इंजिनच्या माथ्यावरचं झाकण, आणि त्याच्या पॅकिंगमधून ऑइल झिरपत होतं. कूलंटचे पाईप सहसा ईपीडीएम नावाच्या रबराचे असतात. ते उष्णता आणि कूलंट वर्षानुवर्षं सोसतं, पण ऑइलने फुगतं आणि मऊ पडतं. नुसता पाईप बदलला असता तर नवाही त्याच वाटेने गेला असता. म्हणून टॅपेट कव्हरचं पॅकिंग आधी यादीत आलं.

इथे काकांच्या मदतनीसाने तो सल्ला दिला जो मुंबईत प्रत्येक गॅरेजमध्ये मिळतो: हीटर लागतो कुणाला, बायपास मारून टाकू. म्हणजे इंजिनमधून निघणारा पाईप वळवून थेट परत इंजिनला जोडायचा. हे मला पटलं नाही, आणि कारण पाऊस. जुलैत काच आतून धुरकट होते तेव्हा एसी हवेतला ओलावा काढतो आणि त्याच हवेला थोडी हीटरची ऊब दिली की काच भराभर साफ होते, गारठून बसावंही लागत नाही. दुसरं कारण घाट. इंजिन तापायला लागलं तर एसी बंद करून हीटर पूर्ण गरम आणि पंखा जोरात लावायचा. हीटर कॉइल हा एक छोटा रेडिएटरच आहे, तो इंजिनची थोडी उष्णता केबिनमध्ये ओततो. घाम निघतो, पण गाडी सुरक्षित जागी पोचते. शिवाय इंजिन तापेपर्यंत थर्मोस्टॅट रेडिएटरची वाट बंद ठेवतो, आणि काही इंजिनांत तेव्हा कूलंट फिरतं ते हीटरच्या वाटेनेच. तिथे पाईपची तोंडं बोल्ट घालून बुजवणं इंजिनच्या मुळावर येतं. काकांनी माझी बाजू घेतली.

पाईपसाठी मी ऑपेरा हाऊसच्या स्पेअर पार्टच्या दुकानांत गेले. कुर्ल्याच्या सीएसटी रोडवर जुन्या गाड्यांचं जवळजवळ सगळं मिळतं, पण रबर जुनं घ्यायचं नसतं. न वापरता पडून राहिलं तरी त्याचं वय वाढतच असतं. जुना पाईप कापून नमुना म्हणून नेला होता. दुकानदाराने आधी मीटरवर मिळणारा सरळ पाईप दाखवला. आमचा पाईप भिंतीजवळ काटकोनात वळतो, तिथे सरळ पाईप वाकवला की मुडपतो आणि प्रवाह अडतो. तीन दुकानं फिरल्यावर साच्यातला, वळणाचा पाईप मिळाला. बाहेरच्या अंगावर एसएई जे20 आर3 छापलेलं होतं, हा हीटर पाईपचा दर्जा. पेट्रोलचा पाईप किंवा पारदर्शक प्लास्टिकचा पाईप इथे कधीही लावू नये. दोन्ही पाईप आणि चारही क्लिपा नव्या घेतल्या. एक पाईप संपला म्हणजे त्याच वयाचा दुसरा काही मागे नसतो.

बदलायचं काम भांडुपलाच, काकांच्या देखरेखीखाली मी केलं. रेडिएटरखालचा ड्रेन उघडून कूलंट घमेल्यात घेतलं. ते गढूळ तपकिरी निघालं, कारण मामांच्या सोसायटीत गाडी धुणारा मुलगा बोअरवेलचं पाणी भरत असे. घमेलं लगेच डब्यात रिकामं करून झाकण लावलं. कूलंटमधलं इथिलीन ग्लायकॉल चवीला गोड असतं आणि कुत्र्या-मांजरांना विषारी. गल्लीतल्या कुत्र्याने ते चाटलं तर जीव जाऊ शकतो. गटारातही ओतू नये.

जुना पाईप काढताना एक नियम पाळावा: ओढायचा नाही, पिळायचा नाही. हीटर कॉइलची नळी पातळ आणि नाजूक असते. ती वाकली किंवा सांध्यातून सुटली तर पूर्ण डॅशबोर्ड उघडावा लागतो, आणि मग खरोखरच मोठा खर्च. क्लिप सैल केली, ब्लेडने पाईप लांबीत चिरला आणि साल सोलावी तसा काढला. आतून बघितलं तर टोकापासून उभ्या चिरा, काकांनी सांगितलं होतं तशाच. नळीवरची खपली बारीक पॉलिश पेपरने हलक्या हाताने घासली. नवा पाईप बसवताना आत ऑइल किंवा ग्रीस नाही, फक्त थोडं कूलंट लावलं. नळीच्या टोकाला उंचवटा असतो. क्लिप त्याच्या मागे यायला हवी, उंचवट्यावर नाही. आणि क्लिप रबर चिरेपर्यंत आवळायची नाही.

साधं पाणी घालून इंजिन फिरवून, निघणारं पाणी स्वच्छ येईपर्यंत आतून धुतलं. मग तयार मिश्रणाचं कूलंट भरलं. मुंबईत पाणी गोठत नाही म्हणून कूलंट कशाला, असं विचारतात. ते गंज रोखतं आणि उकळबिंदू वाढवतं. 0.9 च्या दाबाखाली साधं पाणीसुद्धा 118 अंशांच्या आसपास उकळतं, पण पाईप गळत असेल तर दाबच धरला जात नाही आणि घाटात सगळं लवकर उकळतं. एवढीशी गळती म्हणूनच महाग पडते. पातळी फार खाली गेली की सेन्सर कूलंटमध्ये बुडालेला राहत नाही, सुई खोटं बोलते आणि ॲल्युमिनियमचं हेड वाकल्यावरच कळतं.

शेवटचं काम हवा काढायचं. गाडीचं तोंड उताराच्या वरच्या बाजूला ठेवलं, हीटरचा खटका पूर्ण गरमवर, झाकण उघडं, इंजिन सुरू. पाईप हाताने दाबत गेलो तसे बुडबुडे येत गेले आणि पातळी उतरत गेली, तसं भरत राहिलो. इथे एक अडचण आली. पाईप गरम झाले तरी केबिनमध्ये हवा थंडच येत होती. खटका वर्षानुवर्षं न हलवल्याने हीटर कॉइलमध्ये कूलंट सोडणारा व्हॉल्व जाम झाला होता. काकांनी तो हाताने पुढे-मागे करून मोकळा केला आणि मग गरम हवा आली. गरम हवा येणं म्हणजे कॉइलमध्ये हवा अडकलेली नाही याचीही खात्री. रेडिएटरचा पंखा सुरू होऊन बंद झाल्यावर झाकण लावलं. गाडी थंड झाल्यावर पुन्हा टेस्टर लावला, काटा हलला नाही.

काही दिवसांनी थंड इंजिनवर क्लिपा पुन्हा तपासल्या, एक जराशी सैल होती. मग नाशिकला जाऊन आलो, कसारा घाट एसी लावून चढलो, घरी आल्यावर बाटलीतली पातळी निघताना होती तिथेच. टॅपेट कव्हरखाली आता कोरडं आहे. व्हॉल्वची केबल मात्र अजून जड चालते. ती पावसाळ्याआधी बदलायची आहे, आणि तोपर्यंत दर रविवारी मी तो खटका एकदा लाल टोकापर्यंत नेऊन परत आणते.